चेंडू दुसरीकडेच होता

पुलित्झर पारितोषिक मिळालेल्या जुन्या छायाचित्रांच्या याद्या चाळत बसायचा मला फार वर्षांचा नाद आहे. १९५१चं पारितोषिक कोरियन युद्धातल्या एका मोडून पडलेल्या पुलाला: लोखंडी सांगाड्याला धरून, बर्फाळ थंडीत नदी ओलांडणारे शेकडो निर्वासित. १९५३चं पारितोषिक राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार अॅडलाय स्टीव्हन्सन यांच्या बुटाच्या तळाला पडलेल्या भोकाला. या दोन्हींच्या मधे, १९५२ साली, एका कॉलेज फुटबॉल सामन्याची छायाचित्रमालिका आहे. सहा छायाचित्रं. ना युद्ध, ना राजकारण, ना मृत्यू. मैदान, काही खेळाडू आणि एका माणसाच्या जबड्यावर बसलेला तडाखा. माझं मन दरवेळी तिथेच अडकतं.

तडाखा खाणारा जॉनी ब्राइट, ड्रेक विद्यापीठाचा हाफबॅक. अमेरिकन फुटबॉल आपल्याकडे पाहिला जातो तो चित्रपटांतून, त्यामुळे हेल्मेट आणि रुंद खांदे एवढंच डोळ्यांसमोर येतं. चार प्रयत्नांत दहा यार्ड पुढे सरकायचं, नाहीतर चेंडू समोरच्या संघाच्या ताब्यात, हे त्याचं मूळ गणित. चेंडू छातीशी धरून अकरा जणांच्या भिंतीत घुसणाऱ्या गड्याला आता रनिंग बॅक म्हणतात; कबड्डीत एकट्याने चढाईला जाणाऱ्याला जी छाती लागते ती याला प्रत्येक डावात लागते. ड्रेकच्या त्या काळच्या व्यूहरचनेत चेंडू थेट ब्राइटकडे यायचा. पळायचं की लांब फेकायचं, हे त्याने ठरवायचं. दोन्ही त्याला सारखंच जमायचं, आणि इथेच त्याचं वेगळेपण होतं.

जन्म ११ जून १९३०, इंडियाना राज्यातलं फोर्ट वेन. शाळेत फुटबॉल, बास्केटबॉल, धावणं, सगळ्यात पुढे. आधी मिशिगन स्टेटची शिष्यवृत्ती घेतली, तिथे मन रमलं नाही, आणि तो आयोवा राज्यातल्या डि मॉइन शहरी ड्रेकमध्ये आला. गंमत म्हणजे ड्रेकने त्याला घेतलं ते धावपटू म्हणून. फुटबॉल हा त्या शिष्यवृत्तीसोबत आलेला जोडधंदा. १९४९ साली, दुसऱ्याच वर्षात, पळून आणि फेकून मिळवलेल्या एकूण यार्डांत तो देशात पहिला आला. दुसऱ्या वर्षातल्या खेळाडूला हे आधी साधलं नव्हतं. १९५० साली त्याने २,४०० यार्डांचा राष्ट्रीय विक्रम केला. १९५१च्या मोसमात ड्रेकने पहिले पाचही सामने जिंकले, आणि सर्वोत्तम कॉलेज खेळाडूला मिळणाऱ्या हाइझमन करंडकासाठी ब्राइटचं नाव घेतलं जाऊ लागलं. त्याच्या त्वचेचा रंग काळा होता, हे एव्हाना वाचकाने ओळखलंच असेल.

आयोवा मराठी वाचकाला अगदीच परकं नाही. वीणा गवाणकरांचं ‘एक होता कार्व्हर’ १९८१ साली आलं आणि घराघरांत पोहोचलं. त्यातल्या कार्व्हर या काळ्या कृषिशास्त्रज्ञाला कॉलेजचं दार उघडलं ते याच राज्यात, आधी सिम्प्सन कॉलेजात आणि मग एम्सच्या शेतकी महाविद्यालयात. दक्षिणेच्या मानाने आयोवा उदार होतं हे खरं, पण या उदारतेला फार भुलू नये. एम्सच्याच महाविद्यालयाचा पहिला काळा खेळाडू जॅक ट्राइस ऑक्टोबर १९२३मध्ये मिनेसोटाविरुद्धच्या सामन्यात तुडवला गेला आणि दोन दिवसांनी मेला. तो पशुसंवर्धन शिकत होता, कार्व्हरसारखं दक्षिणेतल्या काळ्या शेतकऱ्यांसाठी काही करावं म्हणून. एम्सच्या स्टेडियमला त्याचं नाव मिळायला १९९७ साल उजाडलं. ब्राइटची गोष्ट वाचताना ट्राइस विसरता येत नाही.

आता ओक्लाहोमाकडे. २० ऑक्टोबर १९५१, शनिवार. ड्रेकचा सहावा सामना स्टिलवॉटर गावात, ओक्लाहोमा ए अँड एम या संघाशी. (हेच पुढे ओक्लाहोमा स्टेट विद्यापीठ झालं.) त्या राज्यात वर्णभेद कायद्यातच होता. जॉर्ज मॅक्लॉरिन या काळ्या विद्यार्थ्याला राज्याच्या विद्यापीठाने प्रवेश दिला, पण वर्गात, ग्रंथालयात, जेवणाच्या खोलीत वेगळं बसवलं. जून १९५०मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते बेकायदा ठरवलं. ए अँड एमची पहिली काळी विद्यार्थिनी नॅन्सी रँडॉल्फ डेव्हिस १९४९ साली आली, तिलाही सुरुवातीला वर्गाबाहेर बसून शिकावं लागलं. वर्गाबाहेर बसवणं म्हणजे काय, हे मराठी वाचकाला समजावून सांगायची गरज नाही. त्याच वर्षी ब्राइट त्या मैदानावर खेळला होता, तिथे खेळलेला पहिला काळा खेळाडू म्हणून, आणि तेव्हा काही घडलं नव्हतं.

१९५१ साली मात्र गावात उघड बोललं जात होतं. ब्राइटवर डोळा आहे, अशा बातम्या विद्यापीठाच्या विद्यार्थी-दैनिकात आणि गावच्या वर्तमानपत्रात सामन्याआधीच आल्या होत्या. सामना संपेपर्यंत तो मैदानावर दिसणार नाही, असं विद्यार्थी सांगत फिरत होते. ही कुजबूज ‘डि मॉइन रजिस्टर’च्या दोन छायाचित्रकारांच्या कानी गेली. डॉन अल्टँग आणि जॉन रॉबिन्सन. त्यांच्या हाताशी वेळ थोडा होता: चित्रफीत रविवारच्या अंकासाठी पोहोचवायची तर सामन्याचा पहिला चतुर्थांशच पाहून निघावं लागणार होतं. त्यांनी कॅमेरा लावला तो ब्राइटवर.

हा तपशील मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. खेळाचा छायाचित्रकार चेंडूच्या मागे असतो. त्याची नोकरीच ती. इथे कॅमेरा चेंडूमागे गेला नाही. ब्राइटने चेंडू जीन मॅकोम्बरच्या हाती दिला, मॅकोम्बर तो घेऊन निघाला, सगळा खेळ तिकडे सरकला, आणि कॅमेरा ब्राइटवरच थांबला. मागे, खेळापासून दूर, हात रिकामे असलेला ब्राइट तिकडे पाहत उभा. विल्बँक्स स्मिथ हा गोरा बचावपटू त्याच्यावर चालून येतो, आणि त्याचं कोपर ब्राइटच्या जबड्यावर बसतं. तेव्हाच्या हेल्मेटांना तोंडापुढे जाळी नव्हती. चेंडू हाती नसलेल्याला चेंडूवाल्याचा भास होऊन कुणी मारलं, असं म्हणायला या मालिकेत जागाच उरत नाही. चौकट अशी धरली गेली, याचं कारणच मुळी गावातली कुजबूज. त्यामुळे ही सहा छायाचित्रं एका तडाख्याची साक्ष देतात, आणि त्या तडाख्याची आगाऊ वाच्यता झाली होती, याचीही.

सामन्याच्या पहिल्या सात मिनिटांत स्मिथच्या माराने ब्राइट तीनदा बेशुद्ध पडला. त्यातूनही उठून त्याने जिम पिल्किंग्टनला ६१ यार्डांचा पास दिला आणि त्यावर टचडाऊन झाला. मग मात्र मोडलेल्या जबड्याने त्याला बाहेर काढलं. त्याच्या नावावर त्या दिवशी ७५ यार्ड लागले. ड्रेकच्या तीन वर्षांत शंभराच्या खाली तो पहिल्यांदाच आला. ए अँड एमने सामना २७–१४ जिंकला. मोसमाचे शेवटचे तीन सामने त्याचे जवळजवळ वायाच गेले, तरी हाइझमनच्या मतदानात तो पाचवा आला.

स्मिथचं पुढे म्हणणं असं की यात वर्णद्वेष नव्हता. ब्राइटने १९८० साली सांगितलं की दुसरं कारण असूच शकत नाही. स्मिथच्या मनात त्या क्षणी काय होतं याचा पुरावा कुणाकडे नाही, आणि मला त्या चर्चेत फारसा रस नाही. गाव बोलत होतं, वर्तमानपत्रांनी छापलं होतं, आणि पहिल्या बेशुद्धीनंतरही स्मिथ मैदानावरच होता. हे तीन मुद्दे मला पुरेसे आहेत. एका विशीतल्या पोराला खलनायक करून बाकीच्यांना मोकळं सोडणं ही सोयीची गोष्ट आहे.

बाकीच्यांचं वागणं पाहू. छायाचित्रं रविवारी छापली गेली, ‘लाइफ’ साप्ताहिकाने ती देशभर नेली. ए अँड एमचे अध्यक्ष ऑलिव्हर विलहॅम यांनी काही घडल्याचंच नाकारलं, तेही छायाचित्रं सगळ्यांच्या डोळ्यांपुढे असताना. दोन्ही विद्यापीठं ज्या मिसूरी व्हॅली परिषदेची सदस्य होती, तिने स्मिथवर कसलीही कारवाई केली नाही. तेव्हा ड्रेकने परिषदच सोडली. आणि इथे मला मनापासून आवडणारं पात्र येतं: इलिनॉय राज्यातलं ब्रॅडली विद्यापीठ. त्यांचा खेळाडू जखमी नव्हता, त्यांचा सामनाही नव्हता. तरी ड्रेकच्या पाठीशी उभं राहायचं म्हणून तेही बाहेर पडले. खेळाच्या इतिहासात ब्रॅडलीचं नाव फार घेतलं जात नाही, घ्यायला हवं. ड्रेक इतर खेळांसाठी काही वर्षांनी परतलं, फुटबॉलसाठी मात्र १९७१पर्यंत दूर राहिलं. वीस वर्षांचा रुसवा, आणि तो रास्त होता. एनसीएए या राष्ट्रीय संघटनेने बेकायदा अडवणुकीचे नियम कडक केले आणि चेहरा झाकणाऱ्या हेल्मेटांकडे लक्ष वळवलं. आपल्या जबड्यामुळे कॉलेजचा खेळ थोडा तरी सुधारला, याचं ब्राइटला पुढे समाधान वाटायचं.

१९५२ साली फिलाडेल्फिया ईगल्स या व्यावसायिक संघाने पहिल्याच फेरीत, एकूण पाचव्या क्रमांकावर, त्याची निवड केली. त्याने नकार दिला. तो त्या संघाचा पहिला काळा खेळाडू ठरला असता, आणि दक्षिणेतून आलेल्या गोऱ्या खेळाडूंनी भरलेल्या त्या लीगमध्ये आपल्या वाट्याला काय येईल याची त्याला खात्री नव्हती. त्याच शरद ऋतूत ईगल्सकडून दोन काळे खेळाडू खेळले. वॉशिंग्टनच्या संघाला मात्र पहिला काळा खेळाडू घ्यायला १९६२ उजाडलं. ब्राइटची शंका अनाठायी नव्हती. तो कॅनडात गेला: आधी कॅल्गरी, आणि १९५४च्या मोसमातच एडमंटन.

ब्राइटवर लिहिणारे बहुतेक जण इथे घाई करतात. जबडा सांगून झाला की त्यांचं काम संपतं. खरं तर त्याची मोठी कारकीर्द इथून पुढची. एडमंटन एस्किमोज (हे नाव आता बदललंय, २०२१पासून एल्क्स) या संघाने १९५४, ५५ आणि ५६ असे सलग तीन ग्रे कप (कॅनडातल्या फुटबॉलचं विजेतेपद) जिंकले, तिन्ही वेळा माँट्रिऑलला हरवून. ब्राइटच्या जोडीला नॉर्मी क्वाँग होता, चिनी वंशाचा. तो पुढे अल्बर्टा प्रांताचा लेफ्टनंट गव्हर्नर झाला. १९५६च्या अंतिम सामन्यात ब्राइट एकटा १७१ यार्ड पळाला. ग्रे कपचा तो विक्रम मोडायला २०१३ साल लागलं. १९५८च्या मोसमात १,७२२ यार्ड. १९५९ साली देशातल्या सर्वोत्तम खेळाडूचा मान, आणि तो मिळवणारा पहिला काळा खेळाडू. १९६४ साली थांबला तेव्हा त्याच्या नावावर १०,९०९ यार्ड होते. कॅनडातल्या लीगमध्ये तोवर इतकं कुणी पळालं नव्हतं.

आणि हे सगळं चालू असताना तो शाळेत शिकवत होता. ड्रेकमधून त्याने शिक्षणशास्त्राचीच पदवी घेतली होती. १९६२ साली कॅनडाचं नागरिकत्व घेतलं, मुलांचे संघ घडवले, मग एडमंटनमधल्या शाळांचा मुख्याध्यापक. १४ डिसेंबर १९८३ रोजी, खेळातल्या जुन्या दुखापतीमुळे गुडघ्यावर शस्त्रक्रिया चालू असताना त्याला हृदयविकाराचा झटका आला. वय ५३.

ओक्लाहोमा स्टेटची माफी आली २८ सप्टेंबर २००५ रोजी. अध्यक्ष डेव्हिड श्मिडली यांनी ड्रेकच्या अध्यक्षांना पत्र लिहून ती घटना आपल्या विद्यापीठावरचा कुरूप डाग असल्याचं मान्य केलं आणि ब्राइटला झालेल्या इजेबद्दल खेद व्यक्त केला. पत्र नेटकं आहे, भाषा सभ्य आहे. पण ५४ वर्षं, आणि ज्याची माफी मागायची तो जाऊन २२ वर्षं झाल्यावर! जे छायाचित्रांत पहिल्याच आठवड्यात दिसत होतं, ते मान्य करायला विद्यापीठासारख्या संस्थेला अर्धं शतक का लागावं, याचं उत्तर त्या पत्रात नाही. पुढच्या वर्षी ड्रेकने आपल्या मैदानाला त्याचं नाव दिलं. ते योग्यच झालं. मला मात्र एडमंटनने केलं ते जास्त शोभून दिसतं, कारण तिथल्या लोकांनी त्याला मोडक्या जबड्याचा माणूस म्हणून ओळखलं नाही. तिथे सप्टेंबर २०१०मध्ये ‘जॉनी ब्राइट स्कूल’ सुरू झालं. बालवाडी ते नववी.