फर्मान आणि शिदोरी

म्युनिक शहराचा जन्म मिठाच्या जकातीतून झाला. बव्हेरियाचा ड्यूक हाइनरिष, ज्याला इतिहास 'सिंह' या उपाधीने ओळखतो, त्याने फ्रायसिंगच्या बिशपच्या पुलाला शह देऊन इझार नदीवर, थोड्या वरच्या अंगाला, मठवासी संन्याशांच्या वस्तीजवळ स्वतःचा पूल उभारला आणि आल्प्सच्या पायथ्याकडून येणाऱ्या मिठाच्या गाड्यांचे उत्पन्न आपल्या खजिन्याकडे वळविले. बिशपने सम्राट फ्रेडरिक बार्बारोसाकडे फिर्याद नेली. 14 जून 1158 रोजी आउग्सबुर्ग येथे सम्राटाने निवाडा दिला, की बाजार आणि पूल नव्या जागीच राहावेत, मात्र जकातीचा तिसरा हिस्सा बिशपला पोहोचवावा. हा निवाडा म्हणजेच शहराचा जन्मदाखला, आणि 'संन्याशांपाशी' असा अर्थ असलेल्या जुन्या जर्मन शब्दांतून त्याचे नाव रूढ झाले.

हा इतिहास मी ग्रंथालयात वाचला नाही. मारिएनप्लात्झ या मध्यवर्ती चौकात, वसंतातील एका सकाळी, दहाबारा अपरिचित प्रवाशांच्या घोळक्यात उभा राहून ऐकला. शहरातील खाद्यपदार्थांची ओळख करून देणारी ती पायी सहल होती, आणि आमच्या मार्गदर्शक बाईंनी पहिला पदार्थ हाती देण्यापूर्वी मिठाची ही कथा सांगितली. तीनचार तास त्यांच्यामागून चालल्यानंतर जे माझ्या मनात पक्के झाले, ते असे: बव्हेरियाचे अन्न जितके स्वयंपाकघरात घडले तितकेच ते राजाज्ञांनी, धर्माच्या उपवासांनी आणि काटकसरीने घडविले, आणि त्या आज्ञांच्या कक्षेत राहून रयतेने आपला आनंद कसा शोधला, हे समजून घेतल्यावाचून त्या अन्नाची खरी चव कळत नाही.

चौकातील नव्या नगरगृहाच्या मनोऱ्यावर सकाळी अकरा वाजता घंटांचा नाद सुरू होतो आणि मानवाकृती पुतळे फिरू लागतात. वरच्या मजल्यावर एका राजविवाहाचा सोहळा आहे, तर खालच्या मजल्यावर पिंपे बनविणारे सुतार नाचतात. महामारीने भयभीत होऊन घरात दडून बसलेल्या नागरिकांना बाहेर काढण्यासाठी हे कारागीर प्रथम रस्त्यावर नाचले, अशी आख्यायिका आहे. त्यांच्या वंशपरंपरेतील मंडळी आजही दर सात वर्षांनी तो नाच करतात. ज्या शहराच्या नगरगृहावर पिंपकाऱ्यांना स्थान मिळते, त्या शहरात बिअरची प्रतिष्ठा किती असेल, हे निराळे सांगावे लागत नाही.

याच चौकातील एका खानावळीत, 22 फेब्रुवारी 1857 रोजी, उपवासकालापूर्वीच्या उत्सवाच्या गर्दीत, व्हाइसवुर्स्ट हा सॉसेज, म्युनिकचा मानबिंदू, जन्मास आला, असे सांगतात. खानावळीच्या मालकाकडील मेंढीच्या आतड्याची नाजूक आवरणे संपली, तेव्हा त्याने डुकराच्या जाड आतड्यात मिश्रण भरले, आणि ते तळताना फुटेल या भीतीने गरम पाण्यात हलकेच शिजविले. इतिहासकार या कथेविषयी साशंक असले, तरी शहराने ती मनापासून जतन केली आहे. वासराचे कोवळे मांस, डुकराची चरबी, बारीक चिरलेली पार्सली, लिंबाची साल, कांदा आणि जायपत्री यांचा हा पांढराशुभ्र सॉसेज खारविलेला नसतो, धुरावलेलाही नसतो. त्यामुळे शीतपेट्या येण्यापूर्वी पहाटे बनविलेला माल दुपारपर्यंत टिकणे कठीण असे. म्हणूनच, व्हाइसवुर्स्टने बाराच्या घंटा ऐकता कामा नयेत, असा दंडक पडला. आता शीतगृहे आली, कारण उरले नाही; परंतु दंडक उरला, आणि जुन्या वळणाची माणसे अद्याप तो पाळतात.

चिनी मातीच्या झाकणाच्या भांड्यात, गरम पाण्यात तरंगत तो पानावर येतो. पाणी मात्र उकळते असता कामा नये, कारण उकळीने आवरण फाटते. आवरण खाण्याचे नसते. काही जण ते सुरीने उभे चिरून सोलतात, तर जुने जाणकार एक टोक कापून आतला गर चोखून घेतात. सोबत गोड मोहरी हवीच. योहान कोनराड डेव्हेली या व्यावसायिकाने 1854 मध्ये म्युनिकमध्ये मोहरीत साखर घालून ही चटणी सिद्ध केली. मोहरीचा झणका आणि साखरेचा स्निग्ध गोडवा यांचा तिच्यातील मिलाफ मांसाच्या सौम्य चवीला उठाव देतो.

त्याच पानावर दुसऱ्या बाजूस ब्रेझे असते. बाहेरचे जग तिला प्रेत्झेल म्हणते. तिचे नाव 'बाहू' या अर्थाच्या लॅटिन शब्दापासून आले, आणि तिचा आकार छातीशी दुमडलेल्या हातांसारखा आहे. भाजण्यापूर्वी कणीक क्षाराच्या सौम्य द्रावणात बुडविली जाते; त्यामुळेच तिला तो तांबूस तकाकदार रंग आणि विशिष्ट खमंगपणा येतो, आणि वरून भरड मिठाचे खडे टाकले जातात. ज्या मिठासाठी पूल बांधले गेले, फिर्यादी झाल्या, ते मीठ पोटात जाण्यापूर्वी असे बोटांना लागते.

चौकापासून दोन मिनिटांवर, संत पीटरच्या जुन्या चर्चच्या मागे, व्हिक्टुआलिएनमार्क्ट पसरला आहे. धान्याचा आणि भाजीपाल्याचा बाजार पूर्वी मुख्य चौकातच भरत असे. जागा अपुरी पडू लागली तेव्हा, 1807 मध्ये, राजा माक्सिमिलियन पहिला योझेफ याने हुकूम काढून बाजाराचा बराच भाग पवित्र आत्म्याच्या धर्मार्थ रुग्णालयाच्या आवाराकडे हलविला. दुसऱ्या महायुद्धात बॉम्बवर्षावाने तो जवळजवळ उद्ध्वस्त झाला, आणि त्या मोक्याच्या जागेवर उंच इमारती उभाराव्यात असा विचारही पुढे आला; तरी नगरपालिकेने बाजार पुन्हा बांधून काढला. नंतर येथे कारंजी बसली, आणि त्यांवर कार्ल व्हालेंटिन, लिसल कार्लष्टाट यांच्यासारख्या लोकरंजक नटनट्यांच्या प्रतिमा उभ्या राहिल्या. त्यांच्या पुतळ्यांच्या हातात बाजारकरणी आजही ताजी फुले ठेवतात, हे मी स्वतः पाहिले, आणि त्या प्रेमाने मन भरून आले.

येथील टपऱ्यांपुढे वेळ कसा जातो ते कळत नाही. लांबट पांढरा मुळा यंत्राने गोल गोल, मळसूत्रासारखा कापून, मीठ लावून, त्याला पाणी सुटेपर्यंत ठेवतात. याला ते 'राडी' म्हणतात. मुळ्याच्या चकतीला मीठ चोळून ठेवण्याची रीत आपल्या घरोघरी आहे, त्यामुळे परक्या देशात तो पहिला घास ओळखीचा वाटतो. पुढच्या दुकानात, भट्टीतून नुकताच निघालेला, तपकिरी पापुद्र्याचा 'लेबरकेझ' जाडसर कापून पावात भरून देतात. नावाचा शब्दशः अर्थ 'यकृताचे चीज'. परंतु बव्हेरियात त्यात यकृतही नसते आणि चीजही नसते. बारीक वाटलेल्या मांसाची ती भाजलेली वडी आहे. तिसऱ्या टपरीवर 'ओबात्स्दा' मिळतो: पिकलेले कामाँबेर चीज, लोणी, कांदा, लाल मिरचीची पूड आणि थोडी बिअर एकत्र कुस्करून केलेला हा प्रकार. बव्हेरियन बोलीतील या नावाचा अर्थ 'कालवलेले' असाच होतो. उरलेसुरले चीज वाया जाऊ नये, या गृहिणीच्या धोरणातून तो उपजला, आणि 2015 पासून त्याच्या नावाला युरोपीय संघाचे भौगोलिक संरक्षण लाभले आहे.

बाजाराच्या मधोमध मोठ्या वृक्षांखाली बिअरची बाके आहेत, आणि तेथे शहरातील सहा जुन्या मद्यशाळा आळीपाळीने बिअर पुरवितात. येथेच आणखी एका फर्मानाची ओळख झाली. 23 एप्रिल 1516 रोजी इंगोलष्टाट येथे ड्यूक व्हिल्हेल्म चौथा आणि त्याचा भाऊ लुडविग यांनी हुकूम काढला, की बिअरमध्ये जव, हॉप्स आणि पाणी यांवाचून काहीही घालू नये. किंमतही ठरवून दिली, हिवाळ्यात एका मापास एक फेनिग आणि उन्हाळ्यात फार तर दोन. आज या फर्मानाकडे शुद्धतेची सनद म्हणून पाहतात. परंतु त्याच्या मागे गव्हाची चिंताही होती. गहू पावासाठी राखून ठेवावा, आणि पिण्याच्या कामी जव यावा, असा राज्यकर्त्याचा हिशेब होता. उपवासाच्या दिवसांत घन आहार वर्ज्य असताना मठांतील संन्याशांनी दाट, पौष्टिक बिअर गाळली आणि तिला 'द्रवरूप पाव' मानले, हीदेखील त्याच संस्कृतीची दुसरी बाजू होय.

दुपारच्या जेवणाला आम्ही एका जुन्या भोजनगृहात बसलो, आणि तेथे क्न्योडेलची भेट झाली. शिळे पाव दुधात भिजवून, त्यांत अंडी, कांदा व पार्सली मिसळून वळलेले आणि मिठाच्या पाण्यात शिजविलेले हे गोळे भाजलेल्या डुकराच्या मांसाबरोबर, तपकिरी रश्श्यात वाढले जातात. बटाट्याच्या गोळ्यांची कथा अधिक हृद्य आहे. अमेरिकेत जन्मलेला आणि बव्हेरियाच्या सेवेत काउंट रम्फोर्ड झालेला बेंजामिन थॉम्प्सन याने 1 जानेवारी 1790 रोजी म्युनिकच्या रस्त्यांवरील भिकाऱ्यांना एकत्र आणून उद्योगगृहात काम आणि अन्न दिले. जव, वाटाणे आणि पाव यांच्या स्वस्त सूपमध्ये बटाटा घालावा असे त्याच्या मनात होते. परंतु लोकांना त्या परक्या कंदाचा इतका तिटकारा होता, की आरंभी बटाटे निराळ्या खोलीत गुपचूप शिजवून, पार विरघळवून सूपमध्ये मिसळावे लागले. लोकांना चव आवडली, आणि मग रहस्य उघड केले तरी कोणी नाके मुरडली नाहीत. ज्या कंदाला एके काळी चोरून शिरकाव करावा लागला, त्याचा गोळा आज सणाच्या पानात मानाने बसतो.

आपल्याकडील वाचकांपैकी पुष्कळांना हे मांसबहुल अन्न निषिद्ध असेल, आणि त्यांना ते खरेपणाने सांगितले पाहिजे. तथापि शाकाहारी माणूस येथे उपाशी राहत नाही: राडी आहे, ओबात्स्दा आहे; अंडे चालत असल्यास चीजमध्ये घोळविलेल्या ष्पेट्झलं नावाच्या आखूड शेवया आहेत, अळंब्यांच्या सायदार रश्श्याबरोबर क्न्योडेल आहे. कणकेत किंवा तळणीत डुकराची चरबी असण्याचा संभव असतो, एवढे मात्र आधी विचारून घ्यावे. विचारल्याचा कोणाला राग येत नाही.

सहलीचा शेवट बिअर-उद्यानात झाला, आणि तेथे मला या सर्व फर्मानांचा कळस दिसला. 1553 च्या हुकुमाने एप्रिलच्या अखेरीपासून सप्टेंबरच्या अखेरीपर्यंत बिअर गाळण्यास मनाई झाली होती, कारण उष्म्याने ती नासे आणि भट्ट्यांमुळे आगी लागत. तेव्हा उन्हाळ्याची बेगमी करण्यासाठी मद्यशाळांनी तळघरे खोदली. भूजल वर असल्याने ती उथळ ठेवावी लागली, म्हणून त्यांवर रुंद पानांचे, उथळ मुळांचे चेस्टनट वृक्ष लावले आणि जमिनीवर खडी पसरली. त्या सावलीत लोक बसून पिऊ लागले, तशी खानावळवाल्यांनी राजाकडे तक्रार केली. 4 जानेवारी 1812 रोजी राजा माक्सिमिलियनने दोन्ही पक्षांना पटणारा तोडगा काढला: मद्यशाळांनी उन्हाळ्यात आपल्या तळघरांवर बिअर विकावी, परंतु पावाव्यतिरिक्त कोणतेही अन्न विकू नये. मग लोकांनी घरूनच शिदोरी बांधून आणली. अन्नविक्रीची बंदी पुढे उठली, तरी शिदोरीचा रिवाज उठला नाही. 1995 मध्ये उद्यानांच्या वेळा आखडण्याचा प्रसंग आला तेव्हा हजारो नागरिक निषेधासाठी म्युनिकच्या रस्त्यावर उतरले, आणि 1999 च्या राज्य नियमावलीने आणलेले अन्न बसून खाण्याची मुभा हे बिअर-उद्यानाचे लक्षणच ठरविले.

म्हणून म्युनिकला जाणाऱ्या मराठी प्रवाशाला माझे सांगणे एवढेच, की सकाळी रिकाम्या पोटी मारिएनप्लात्झवर उभे राहावे, बाराच्या आत पहिला पदार्थ चाखावा, बाजारातून पाव आणि मुळा विकत घ्यावा, आणि संध्याकाळी चेस्टनटच्या सावलीत, जेथे मेजावर चादर अंथरलेली नाही अशा बाकावर, नुसते पेय मागवून आपली शिदोरी निःसंकोच सोडावी. तो हक्क दोनशे वर्षांपूर्वी तेथील प्रजेने मिळविला आहे, आणि येणाऱ्या प्रत्येक पाहुण्याला तो तितकाच लागू आहे.