अंतिम सामना नसलेला हंगाम

क्रीडास्पर्धेचा शेवट अंतिम सामन्याने व्हावयाचा, हा संस्कार आपल्याकडे, विशेषतः क्रिकेटच्या योगाने, इतका दृढ झालेला आहे की, ज्या स्पर्धेला अंतिम सामनाच नाही तिच्यात चुरस ती कसली, असा प्रश्न एखाद्याच्या मनात उद्भवल्यास त्यात नवल नाही. इंडियन सुपर लीगच्या २०१९-२० च्या हंगामात एफसी गोवा हा संघ साखळी सामन्यांच्या अखेरीस गुणतक्त्यात पहिला आला आणि त्याबद्दल त्याला ढालही मिळाली. परंतु उपांत्य फेरीत चेन्नईच्या संघाने दोन सामन्यांच्या बेरजेत त्याच्यावर ६-५ अशी मात केली, आणि करंडक मडगावच्याच फातोर्डा मैदानावर, गोवेकरांच्या दाराशी, कोलकात्याच्या संघाने उचलला. स्पेनच्या लीगमध्ये ही गोष्ट संभवनीयच नाही. तेथे जो संघ हंगामाच्या शेवटच्या दिवशी तक्त्यात सर्वांत वर, तोच विजेता. त्यावर अपील नाही आणि फेरसुनावणीही नाही.

या लीगच्या पहिल्या श्रेणीत, जिला जग ‘ला लिगा’ या नावाने ओळखते, वीस संघ असतात. ऑगस्टच्या मध्यास सुरू होऊन मे महिन्याच्या अखेरीपर्यंत चालणाऱ्या हंगामात प्रत्येक संघ उरलेल्या एकोणीस संघांशी दोन-दोनदा, एकदा स्वतःच्या मैदानावर आणि एकदा प्रतिपक्षाच्या, अशा रीतीने अडतीस सामने खेळतो, आणि सर्वांचे मिळून ३८० सामने होतात. सामन्यांच्या प्रत्येक फेरीला स्पॅनिश लोक ‘होर्नादा’ म्हणतात. एका होर्नादात दहा सामने. पूर्वी ते बहुतांशी रविवारी उरकत, आता दूरचित्रवाणीच्या सोयीसाठी शुक्रवारच्या रात्रीपासून सोमवारच्या रात्रीपर्यंत ताणले जातात, आणि सोमवारी रात्री परगावी जाऊन सामना पाहणे नोकरदार माणसाला किती अवघड पडते याविषयी तेथील प्रेक्षक वर्षानुवर्षे तक्रार करीत आले आहेत. नाताळच्या सुमारास खेळ काही दिवस थांबतो. एकोणीस फेऱ्या पुऱ्या झाल्या की त्या वेळी जो अग्रस्थानी असेल त्याला वृत्तपत्रे ‘हिवाळी विजेता’ म्हणून गौरवतात. या पदवीला मानाखेरीज कवडीचीही किंमत नाही, तरीही तिची चर्चा मात्र भरपूर होते.

विजयाला तीन गुण, बरोबरीला एक, पराभवाला शून्य. तीन गुणांची ही पद्धत स्पेनमध्ये १९९५-९६ च्या हंगामापासून आली. त्याआधी विजयाला दोनच गुण मिळत. हा बदल वरवर पाहता क्षुल्लक वाटतो, परंतु त्याचा परिणाम खोल आहे. पूर्वी दोन बरोबऱ्यांची किंमत एका विजयाइतकी होती, त्यामुळे परक्या मैदानावर जाऊन बचावाचा कोट बांधून एक गुण पदरात पाडून घेणे हा शहाणपणाचा व्यवहार मानला जाई. आता तोच संघ सत्तराव्या मिनिटाला बरोबरीत असला, तर आणखी दोन गुणांचा मोह त्याला पुढे सरकावयास भाग पाडतो, आणि सामन्याची शेवटची वीस मिनिटे पाहण्याजोगी होतात.

लीगचा आरंभ १९२९ सालचा. तेव्हा दहाच संघ होते, आणि पहिले विजेतेपद बार्सिलोनाकडे गेले. त्या दहांपैकी रियल माद्रिद, बार्सिलोना आणि बिल्बाओचा अ‍ॅथलेटिक क्लब हे तीनच संघ असे, की जे आजतागायत पहिल्या श्रेणीतून एकदाही खाली उतरलेले नाहीत. यादवी युद्धामुळे १९३६ ते १९३९ या काळात लीग बंद पडली. पुढे संघांची संख्या टप्प्याटप्प्याने वाढत गेली. आजवर अवघ्या नऊ संघांना विजेतेपद लाभले आहे, आणि त्यांतही माद्रिद व बार्सिलोना या दोघांचा वाटा एवढा मोठा आहे की, उरलेल्या सातांची नावे पुष्कळांना आठवून सांगावी लागतात.

तक्त्याच्या या निरंकुश सत्तेचा स्पेनलाही एकदा कंटाळा आला होता. १९८६-८७ साली, अठरा संघांनी नेहमीचे चौतीस सामने खेळून झाल्यावर, त्यांचे क्रमाने सहा-सहांचे तीन गट पाडून आणखी दहा फेऱ्या खेळवण्यात आल्या: वरच्या गटाने विजेतेपदासाठी झगडावे, खालच्याने अस्तित्वासाठी, आणि मधल्या गटाने कशासाठी, याचे समाधानकारक उत्तर कोणालाच देता येईना. चव्वेचाळीस सामन्यांच्या त्या द्राविडी प्राणायामानंतर विजेता ठरला तो रियल माद्रिदच, जो पहिल्या चौतीस सामन्यांच्या अखेरीसही अग्रस्थानी होता. पुढल्याच वर्षी ही योजना दप्तरी दाखल झाली आणि वीस संघांची सरळ पद्धत आली.

या विसाच्या आकड्यालाही एकदा तडा गेला, आणि तो मैदानावरील नव्हे तर कागदोपत्री कारणाने. क्लबांचा कर्जबाजारीपणा आवरण्यासाठी १९९० च्या क्रीडा कायद्याने, रियल माद्रिद, बार्सिलोना, अ‍ॅथलेटिक आणि ओसासुना हे चार अपवाद वगळून, व्यावसायिक क्लबांना भागभांडवलाच्या कंपन्यांचे रूप घेण्यास भाग पाडले होते, आणि लीगकडे दरसाल आर्थिक हमी दाखल करण्याची शर्तही क्लबांवर होती. १९९५ च्या उन्हाळ्यात सेव्हिया आणि सेल्टा व्हिगो यांचे हमीपत्र मुदतीत दाखल झाले नाही, तेव्हा लीगने दोघांनाही तिसऱ्या श्रेणीत ढकलण्याचा हुकूम काढला, आणि मैदानावर पदावनत झालेल्या अल्बासेते व व्हायादोलिद यांना त्यांच्या जागी कायम केले. यावर सेव्हिया आणि व्हिगो या दोन्ही शहरांत हजारो लोक रस्त्यावर उतरले. हुकूम मागे घ्यावा तर नव्याने जागा दिलेल्या दोघांना कोणत्या तोंडाने हाकलावयाचे? शेवटी चौघांनाही ठेवून घेण्याचा तोडगा निघाला, आणि पुढले दोन हंगाम लीग बावीस संघांची, म्हणजे बेचाळीस फेऱ्यांची झाली. नियम कडक असावा आणि त्याची अंमलबजावणी लोकमताच्या दडपणाखाली सैल व्हावी, हा अनुभव एकट्या स्पेनचा नाही.

आता स्पॅनिश तक्त्याचे जे खास वैशिष्ट्य, त्याकडे वळू. दोन संघांचे गुण समान झाले तर इंग्लंडमध्ये एकूण गोलफरक पाहतात: केलेल्या गोलांतून खाल्लेले गोल वजा केले की काम झाले. स्पेनमध्ये प्रथम त्या दोन संघांतील परस्परांच्या दोन सामन्यांचा हिशेब होतो. त्यांत कोणी अधिक गुण मिळवले, तेही समान असल्यास त्या दोन सामन्यांतील गोलफरक कोणाचा सरस, आणि तेथेही निकाल न लागला तरच एकूण गोलफरकाकडे नजर वळते. तीन-चार संघ एकाच गुणांवर आले, तर तेवढ्यांच्याच आपसांतील सामन्यांचा एक लहानसा तक्ता मांडावा लागतो, आणि शेवटच्या फेरीच्या आदल्या रात्री स्पॅनिश वृत्तपत्रांतील उपसंपादक पंचांगकर्त्यांच्या एकाग्रतेने ही आकडेमोड करीत बसतात.

या नियमाचा सर्वांत गाजलेला दाखला २००६-०७ चा. त्या वर्षी रियल माद्रिद आणि बार्सिलोना दोघांचेही ७६ गुण झाले. बार्सिलोनाचा गोलफरक ४५, माद्रिदचा अवघा २६. इंग्लिश पद्धतीने पाहिले असते तर वाद उरलाच नसता. परंतु परस्परांच्या सामन्यांत माद्रिदने घरी २-० असा विजय मिळवला होता आणि बार्सिलोनाच्या मैदानावर ३-३ अशी बरोबरी साधली होती, तेवढ्या आधारावर विजेतेपद माद्रिदला गेले. बार्सिलोनाच्या चाहत्यांना हा अन्याय वाटला असल्यास त्यांना दोष देता येणार नाही. तरीही प्रस्तुत लेखकाला स्पॅनिश नियमच अधिक न्याय्य वाटतो, कारण पदावनती निश्चित झालेल्या, मनाने खचलेल्या संघावर मे महिन्यात चढवलेले पाच-सहा गोल आणि तुल्यबळ प्रतिस्पर्ध्याविरुद्ध मिळवलेला एक गोल यांना एकाच मापाने मोजणे हे सोयीचे असले तरी विवेकाचे नव्हे.

वरच्या स्थानांचे मोल केवळ विजेतेपदात नाही. पहिल्या चार संघांना युरोपच्या चॅम्पियन्स लीगमध्ये प्रवेश मिळतो, काही वर्षी, देशाची एकंदर कामगिरी सरस ठरल्यास, पाचव्यालाही मिळतो, आणि त्याखालच्या एक-दोन जागा युरोपमधील दुय्यम स्पर्धांचे दार उघडतात. राजाच्या नावाचा चषक, म्हणजे ‘कोपा देल रे’, ही बाद पद्धतीची निराळी स्पर्धा आहे. तिचा आरंभ १९०३ चा, अर्थात लीगहून तब्बल सव्वीस वर्षे आधीचा.

सर्वांत वरच्या दोघांचा मक्ता इतकी वर्षे टिकण्यामागे पैशाचा व्यवहारही आहे. दूरचित्रवाणीचे हक्क पूर्वी प्रत्येक क्लब स्वतंत्रपणे विकी, आणि त्यात माद्रिद व बार्सिलोना यांचे उत्पन्न इतरांच्या कित्येक पट होई. २०१५ च्या राजाज्ञेने ही विक्री एकत्रित करण्यात आली. उत्पन्नाचा नऊ-दशांश भाग पहिल्या श्रेणीला, एक-दशांश दुसरीला, आणि पहिल्या श्रेणीच्या वाट्यातील अर्धा भाग सर्वांना समान, उरलेला कामगिरी व लोकप्रियता यांच्या प्रमाणात, अशी वाटणी ठरली. शिवाय २०१३ पासून प्रत्येक क्लबाने खेळाडूंवर किती खर्च करावा याची मर्यादा लीग आखून देते, आणि ती ओलांडणाऱ्या खेळाडूची नोंदच करून घेत नाही. २०२१ च्या ऑगस्टमध्ये मेस्सीसारख्या खेळाडूला बार्सिलोना सोडावी लागली ती याच नियमापायी.

परंतु लीगचे खरे नाट्य पाहावयाचे तर तक्त्याच्या तळाशी पाहावे. शेवटचे तीन संघ दुसऱ्या श्रेणीत उतरतात. तेथे बावीस संघ असतात आणि प्रत्येकाला बेचाळीस सामने खेळावे लागतात. खाली जाणे म्हणजे केवळ मान जाणे नव्हे. उत्पन्न आटते, खेळाडू विकावे लागतात, आणि परतीची वाट कित्येकदा वर्षानुवर्षे सापडत नाही. या श्रेणीत मोठ्या क्लबांचे दुय्यम संघही खेळू शकतात, मात्र मूळ संघ ज्या श्रेणीत असेल त्या श्रेणीत त्यांना चढता येत नाही. रियल माद्रिदच्या ‘कास्तिया’ या दुय्यम संघाने १९८३-८४ साली दुसरी श्रेणी चक्क जिंकली, तरी नियमाने त्याला जागचे हलता आले नाही.

दुसऱ्या श्रेणीतील पहिले दोन संघ थेट वर जातात. तिसरी जागा तिसऱ्या ते सहाव्या क्रमांकांच्या चार संघांत बाद पद्धतीने खेळवली जाते. अंतिम सामना नको म्हणणाऱ्या व्यवस्थेने येथे मात्र त्याला घरात घेतले आहे, पण तेही आपल्या अटींवर: दोन सामन्यांच्या बेरजेत आणि जादा वेळेनंतरही बरोबरी राहिली, तर पेनल्टींची फैर झडत नाही; तक्त्यात जो वर होता तो पुढे जातो. २०२२-२३ साली लास पाल्मास आणि लेव्हांते यांचे प्रत्येकी ७२ गुण झाले. दुसरे स्थान लास पाल्मासला मिळाले आणि तिसऱ्या क्रमांकाच्या लेव्हांतेला या वाटेने जावे लागले. अखेरच्या लढतीत त्याच्यासमोर ७१ गुणांचा अलावेस होता. पहिला सामना ०-०. दुसराही, जादा वेळ संपत आला तरी, ०-०. एकही गोल न करता, केवळ त्या एका गुणाच्या पुण्याईवर, लेव्हांते पहिल्या श्रेणीत पोहोचणार होता. तेवढ्यात अलावेसला पेनल्टी मिळाली, आणि सामन्याच्या १२९ व्या मिनिटाला आसियेर व्हियालिब्रेने ती जाळ्यात घातली. लेव्हांतेला आणखी दोन हंगाम खाली काढावे लागले, आणि २०२५ मध्ये तो वर आला तो दुसऱ्या श्रेणीचा विजेता म्हणून, थेट.