सरकारी वकील कमी पडला तर?

घरातल्या कुणावर अन्याय झाला की आपण पोलीस ठाण्यात फिर्याद देतो आणि पुढचे सरकार पाहील, असे समजून स्वस्थ बसतो. फौजदारी खटला सरकारच चालवते, फिर्यादीची बाजूही सरकारी वकीलच मांडतो, हे खरे. पण तोच कमी पडला तर मजलूमाने कुठे जायचे?

बडोद्याच्या बेस्ट बेकरी खटल्याने हा प्रश्न देशासमोर आणला. १ मार्च २००२ च्या त्या जळितात १४ जणांचा बळी गेला. साक्षीदार एकामागून एक फिरले आणि जून २००३ मध्ये सर्व २१ आरोपी निर्दोष सुटले. उच्च न्यायालयानेही तो निकाल कायम ठेवला. १२ एप्रिल २००४ रोजी सर्वोच्च न्यायालयाने मात्र तो रद्द केला. सरकारी वकील जणू आरोपींचाच वकील असल्यासारखा वागला, असा ठपका ठेवून खटला महाराष्ट्रात नव्याने चालवण्याचा हुकूम दिला. नवा सरकारी वकील नेमताना पीडितांनी सुचवलेल्या नावाचाही विचार व्हावा, असेही सांगितले. २००६ मध्ये मुंबईच्या न्यायालयाने नऊ जणांना जन्मठेप दिली. त्यांपैकी चौघांची शिक्षा २०१२ मध्ये मुंबई उच्च न्यायालयात कायम राहिली, पाच जण सुटले.

आज कायद्याने पीडिताच्या हाती काही हक्क दिले आहेत. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम १८ नुसार न्यायालयाच्या परवानगीने सरकारी वकिलाच्या मदतीला आपला वकील देता येतो. तो स्वतः खटला चालवू शकत नाही. मात्र राहिलेला प्रश्न किंवा सुटलेला साक्षीदार तो सरकारी वकिलाच्या लक्षात आणून देऊ शकतो. पुरावा संपल्यावर न्यायालयाच्या परवानगीने लेखी युक्तिवादही देता येतो. सरकारला खटला मागे घ्यायचा असेल, तर आधी पीडिताचे म्हणणे ऐकावे लागते. आरोपी सुटला, कमी गंभीर गुन्ह्यात दोषी ठरला किंवा भरपाई अपुरी मिळाली, तर कलम ४१३ प्रमाणे पीडित स्वतः अपील करू शकतो. वकिलाची फी परवडत नसेल, तर जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे अर्ज करावा. स्त्रिया आणि मुलांना तेथे उत्पन्नाची अट न लावता मोफत वकील मिळतो.

म्हणून फिर्याद दिली की तिची प्रत जपून ठेवावी, प्रत्येक तारखेची चौकशी करावी आणि साक्षीपूर्वी सरकारी वकिलाला भेटावे. त्रुटी दिसली तर लगेच लेखी कळवावी. निकालानंतर हळहळून फारसा उपयोग नसतो.

एक गोष्ट मात्र आपल्याच हाती आहे, ती म्हणजे सच्ची साक्ष. बेस्ट बेकरीच्या मुख्य फिर्यादीने मुंबईत पुन्हा जबाब फिरवला आणि तिला सर्वोच्च न्यायालयाने एक वर्षाची कैद दिली. दबाव आला तर गप्प बसून जबाब बदलू नये, न्यायालयाकडे संरक्षण मागावे. साक्ष स्वतःच्या किंवा आईवडिलांच्या विरोधात जात असली, तरी इन्साफावर ठाम राहा, अशी ताकीद सूरह निसाच्या १३५ व्या आयतीत आहे. वकिलाकडून चोख कामाची अपेक्षा धरताना आपणही या ताकिदीला जागले पाहिजे.