आव्हान म्हणजे हार नव्हे

बुरोंडीच्या आमच्या वाडीतला एक तरुण एका रात्री माझ्याकडे आला. हातात कोर्टाची नोटीस. मारहाण व धमकीबद्दल त्याने दापोलीच्या दंडाधिकाऱ्यांपुढे खाजगी फिर्याद केली होती. समन्स काढण्याचा हुकूम झाला तेव्हा वाडीत पेढे वाटले गेले. आता आरोपींनी त्या हुकुमाविरुद्ध खेडच्या सत्र न्यायालयात पुनरीक्षण अर्ज केला होता. "गुरुजी, म्हणजे आपण हरलो ना? मिटवून टाकू का?"

हा प्रश्न त्या एकट्याचा नाही. कायद्याच्या अज्ञानापोटी आपली कितीतरी माणसे जिंकता येणारी लढाई अर्ध्यावर सोडतात. म्हणून हे लिहितो.

समन्सचा हुकूम म्हणजे शिक्षा नव्हे. खटला चालवण्यापुरता आधार आहे, एवढेच दंडाधिकारी त्यात म्हणतो. 1 जुलै 2024 पासून जुन्या फौजदारी प्रक्रिया संहितेच्या जागी भारतीय नागरिक सुरक्षा संहिता आली. तिच्या कलम 223 प्रमाणे फिर्यादीची दखल घेण्यापूर्वीच आरोपीला बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते. समन्सचा हुकूम होतो तो कलम 227 खाली.

हुकूम देणारा दंडाधिकारी तो स्वतः मागे घेऊ शकत नाही. 2004 साली अदालत प्रसाद खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने तसे ठरवले. मग आरोपीपुढे दोन वाटा उरतात. एक, नव्वद दिवसांच्या आत पुनरीक्षण, कलम 438. असा हुकूम निव्वळ मधला हुकूम नसल्याने पुनरीक्षण चालते, हे महाराष्ट्रातल्याच राजेंद्रकुमार सीताराम पांडे खटल्यात 1999 साली ठरले. दुसरी वाट, उच्च न्यायालयाचे अंगभूत अधिकार, कलम 528. रत्नागिरीच्या माणसाला त्यासाठी ऑगस्ट 2025 पासून कोल्हापूरच्या सर्किट बेंचकडे जावे लागते. अत्याचार प्रतिबंधक कायद्याखाली विशेष न्यायालयाने दिलेल्या, मधल्या स्वरूपाच्या नसलेल्या हुकुमावर मात्र कलम 14-अ खाली उच्च न्यायालयात अपील होते.

वरचे कोर्ट काय पाहते? 1976 साली नागव्वा नावाच्या फिर्यादी स्त्रीच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने याची चौकट आखली. फिर्यादीतला मजकूर जसाच्या तसा खरा मानला तरी गुन्हा होत नसेल, आरोप कुणाही शहाण्या माणसाला पटणार नाही असा असेल, पुराव्याचा मागमूस नसताना मनमानीने हुकूम झाला असेल, किंवा आवश्यक मंजुरीसारखा कायद्याचा पायाच नसेल, तर हुकूम रद्द होतो. साक्षीदार खरा की खोटा, हे या टप्प्यावर तोलायचे नसते. उच्च न्यायालयाने नेमके तेच तोलले होते. म्हणून त्याचा निर्णय फिरवून दंडाधिकाऱ्याचा हुकूम कायम झाला. नागव्वा जिंकली.

मी त्या तरुणाला तीन गोष्टी सांगितल्या. अर्ज दाखल झाला म्हणजे खटल्याला स्थगिती मिळाली असे नाही; स्थगितीचा वेगळा हुकूम लागतो. म्हणून दापोलीची तारीख चुकवायची नाही. समन्स खटल्यात फिर्यादी गैरहजर राहिल्यास आरोपी सुटू शकतो. दुसरे, खेडला वकील उभा करायचा. तिसरे, तेथे निकाल विरुद्ध गेला तरी वरचे दार उघडे आहे. आणि दंडाधिकाऱ्याने फिर्याद फेटाळली असती, तर पुनरीक्षणाची हीच वाट आपल्यालाही होती.

मग त्याला महाडची आठवण दिली. डिसेंबर 1927 मध्ये चवदार तळ्यावर जाण्यास आपल्याला दिवाणी कोर्टाने तात्पुरती मनाई केली होती. पुढे ती उठली, तरी दावा चालूच राहिला. बाबासाहेबांनी तो दहा वर्षे लढवला, आणि 17 मार्च 1937 रोजी मुंबई उच्च न्यायालयाचा निकाल आपल्या बाजूने लागला. मधल्या हुकुमाला निकाल समजून त्या वेळी कुणी मिटवून टाकले असते तर?

तरुण तारखेला खेडला गेला. अर्जाचा निकाल अजून व्हायचा आहे. पण मिटवण्याची भाषा वाडीत आता कुणी करत नाही.