दगडावर दगड कोणी ठेवला? (परिसर अभ्यास)



पावसाळा संपता संपता आम्ही सातवीच्या मुलांना घेऊन पन्हाळ्याजवळच्या मसाई पठारावर गेलो होतो. डबे खाऊन झाल्यावर मुलांनी सपाट दगड गोळा केले आणि लगोरीसारख्या चळती रचायला सुरुवात केली. अर्ध्या तासात वीस-पंचवीस चळती उभ्या राहिल्या. फोटो निघाले. खरं सांगायचं तर मलाही कौतुक वाटलं.

तेवढ्यात म्हशी घेऊन चाललेले एक आजोबा थांबले. म्हणाले, "मास्तर, जाताना एवढं मोडून जावा. धुकं पडलं की मानूस असलीच खूण बघून चालतंय. हितं तर वाट न्हाई."

मुलांनी चळती मोडल्या. पण परत येताना एका मुलीनं विचारलं, "सर, मग दगड रचायचे तरी कधी?" मला त्या वेळी नीट उत्तर देता आलं नाही. घरी येऊन विचार केला, थोडं वाचलं, आणि आपल्याच परिसरातले दगड पुन्हा बघितले. त्यातून तयार झालेला हा पाठ तुमच्या वर्गात किंवा घरी उपयोगी पडेल असं वाटतं.

वाटेची खूण

मसाई पठार जांभ्या दगडाचं आहे. मातीच्या रस्त्यावर पायवाट उमटते, गाडीची चाकोरी पडते. कातळावर पाऊल उमटत नाही. त्यात आषाढ-श्रावणात धुकं असं उतरतं की पुढचा माणूस दिसत नाही. अशा ठिकाणी वाट दाखवायची कशी? जागेवर जे मिळतं ते वापरून, म्हणजे दगडावर दगड ठेवून.

मुलांना इथे एक प्रश्न जरूर विचारा: एकच दगड का नाही चालत? एकटा दगड पठारावर कुठेही पडलेला असतो. पण तीन-चार दगड एकावर एक आपोआप बसत नाहीत. ते दिसले की समजायचं, इथे माणूस येऊन गेला आणि त्याला काहीतरी सांगायचं होतं. एका राशीपाशी उभं राहिलं की पुढची रास दिसली पाहिजे, हे या खुणांचं साधं गणित. पावसानं, गुरांच्या पायांनी दगड ढासळतात, म्हणून जाणारा-येणारा एखादा दगड परत बसवतो. कोणी एकानं सुरू केलेलं काम अनेकजण सांभाळतात.

जुलै १६६० मध्ये शिवाजी महाराज सिद्दी जौहरच्या वेढ्यातून निसटून पन्हाळ्याहून विशाळगडाकडे गेले. त्याची आठवण म्हणून दर पावसाळ्यात पन्हाळा ते पावनखिंड पदभ्रमंती होते, आणि ती याच पठारावरून जाते. ऐन धुक्यात हजारो पावलं इथून जातात. आजोबांची काळजी किती खरी होती ते यावरून कळेल.

ही युक्ती जगभर सापडते. स्कॉटलंडच्या डोंगरांत अशा राशीला 'केर्न' म्हणतात. कॅनडाच्या उत्तरेकडच्या बर्फाळ प्रदेशात इन्युइट लोक 'इनुक्शुक' रचतात. माणसाच्या जागी काम करणारा, असा त्या शब्दाचा अर्थ. तिथल्या नुनावुत प्रदेशाच्या झेंड्यावरही ती खूण आहे.

हद्दीची खूण

दुसरा अर्थ आपल्या शेतकरी पालकांना शिकवावा लागत नाही. शेताच्या कोपऱ्यावरचा दगड, दोन रानांमधला बांध, डोंगराकडच्या भागात नुसते दगड रचून घातलेला गडगा. "इथपर्यंत माझं, इथून पुढे तुझं" हे कागदाआधी दगडानं सांगितलं जायचं. 'बांध कोरणं' हा शब्दप्रयोग मुलांनी घरी ऐकलेला असतोच. नांगराचं एक तास दरवर्षी थोडं पुढे सरकवायचं आणि शेजाऱ्याचं रान गिळायचं! भावाभावांचं बोलणं यावरून तुटलेलं आपण सगळ्यांनी पाहिलं आहे.

महाराष्ट्र जमीन महसूल अधिनियम, १९६६ मध्ये हद्दीच्या खुणा नीट ठेवण्याची जबाबदारी जमीनधारकावर टाकली आहे, आणि अशी खूण नष्ट करणं किंवा हलवणं हा दंडाला पात्र गुन्हा आहे. खूणच हरवली तर 'हद्द कायम' मोजणीचा अर्ज करावा लागतो. म्हणजे एका दगडाची किंमत केवढी बघा.

गावाच्या शिवेवर शेंदूर लावलेला म्हसोबा किंवा दुसरा एखादा देव असतो. शेंदूर लागलेल्या दगडाला सहसा कोणी हात लावत नाही, त्यामुळे शीवही जागेवर राहते. शिलाहारांच्या काळात 'गद्धेगाळ' नावाचे दगड उभे केले जात. दान दिलेली जमीन कोणी बळकावू नये म्हणून त्यांवर शापाचं चित्र कोरलेलं असे, आणि वर चंद्र-सूर्य. चंद्र-सूर्य असेपर्यंत हे दान टिकावं, हा त्याचा अर्थ. अक्षर न येणाऱ्यालाही ही नोटीस वाचता येत होती.

आठवणीची खूण

आपल्या भागात हा प्रकार खूप आहे. करवीर तालुक्यातल्या बीड गावात वीरगळ पाहायला मिळतात. 'वीरगळ' हा शब्द कन्नडमधून आला आहे. कन्नडमध्ये 'कल्लु' म्हणजे दगड. हा दगड एकसंध असतो, पण त्यावरचे कप्पे एकावर एक रचलेले असतात आणि ते खालून वर वाचायचे. खाली लढाई आणि वीराचा मृत्यू, कधी शेजारी गाईंचा कळप, म्हणजे गुरं सोडवताना तो पडला. मधल्या कप्प्यात अप्सरा त्याला वर नेतात. सगळ्यात वर तो शिवलिंगाची पूजा करताना दिसतो. मुलांना चित्रकथा आवडतात, ही शेकडो वर्षांपूर्वीची चित्रकथाच आहे. बऱ्याच गावांत वीरगळ देवळामागे आडवे पडलेले किंवा पायरीला बसवलेले असतात. आपण त्यावर चपला काढतो आणि पुढे जातो.

याहून जुनी खूण विदर्भात आहे. नागपूरजवळ जुनापाणी इथे सुमारे ३०० शिळावर्तुळं आहेत. मोठे धोंडे गोलाकार मांडलेले, आत दगडगोट्यांची भर, आणि खाली पुरलेली माणसं व त्यांच्या वस्तू. जवळच्या माहुरझरी इथल्या उत्खननात लोखंडी हत्यारं, मणी आणि घोड्यांचे अवशेषही मिळाले. ही लोहयुगातली, इसवी सनापूर्वीच्या पहिल्या सहस्रकातली माणसं. त्यांची भाषा आपल्याला माहीत नाही, नावं माहीत नाहीत. पण "इथे आमचं कोणीतरी आहे" एवढं ते दगड आजही सांगतात.

देवाच्या डोंगरवाटेला भाविक घर व्हावं म्हणून दगडांची छोटी घरं रचतात, तीही अशीच खूण. मागणं देवाकडे असतं, एवढाच फरक.

मग हात कधी लावायचा नाही?

हा भाग पालकांनी नीट वाचावा. सड्यावर सुटा पडलेला दगड रिकामा नसतो. त्याच्याखाली ओल टिकते, सावली असते. विंचू, पाली, बेडूक, देवगांडूळ अशा जिवांचं ते घर असतं. फुरसंही अशाच दगडाखाली बसलेलं असतं, आणि ते विषारी आहे. मुलांनी त्या दिवशी शंभरेक दगड उलटे केले, आणि मी फोटो काढत होतो! कोणाला काही झालं नाही हे नशीब. आता सहलीच्या सूचनांत मी "दगड उचलायचा नाही" हे पहिलं वाक्य लिहितो आणि त्याचं कारणही सांगतो. नुसती बंदी मुलं विसरतात, कारण लक्षात ठेवतात.

वर्गात काय करता येईल?

१. मैदानात सात सपाट फरश्या घेऊन लगोरी रचा. मोठा दगड खाली का, डगमगणारा दगड बसवायला चिप का लावतात, हे मुलांना हातानं कळू द्या. गुरुत्वमध्याचा धडा इथेच होतो.

२. मैदानावर पाच खुणा अशा मांडायला सांगा की एकीपासून फक्त पुढची दिसेल. मग दुसऱ्या गटानं वाट शोधायची. शेवटी एक खूण गुपचूप दुसरीकडे हलवा आणि काय गोंधळ होतो ते पाहा.

३. प्रत्येकानं घरच्या मोठ्या माणसाला विचारून गावातल्या एका दगडाची माहिती आणायची: कुठे आहे, त्याला काय म्हणतात, तो कशासाठी आहे. चित्र काढायचं, दगड हलवायचा नाही, त्यावर खडूनं लिहायचंही नाही.

४. गावात वीरगळ असेल तर तो मोठ्यांसोबत बघायला जा. एका कप्प्याचं वर्णन पाच वाक्यांत लिहा.

तिसऱ्या उपक्रमात आमच्या वर्गात एक गंमत झाली. तो प्रश्न विचारणारी मुलगी आपल्या आजीकडून माहिती घेऊन आली. त्यांच्या रानाच्या कोपऱ्यातला दगड आजोबांनी आणि शेजाऱ्यांनी मिळून बसवला होता, दोघांनी एक-एक बाजू धरून. तिनं वहीत शेवटी लिहिलं होतं, "दगड रचायचा तर दुसऱ्याला त्याचा अर्थ कळला पाहिजे आणि तो खरा पाहिजे." मला त्या दिवशी द्यायचं होतं ते उत्तर तिनंच शोधलं. मी फक्त खाली सही केली.