मुंबई हाय : समुद्रातील तेलशोधाचे पहिले पर्व

मुंबईच्या पश्चिमेस सुमारे १६० किलोमीटर अंतरावर, अरबी समुद्रात, फेब्रुवारी १९७४ मध्ये खनिज तेल सापडले. पश्चिम आशियातील ऑक्टोबर १९७३ च्या युद्धानंतर तेलाचे आंतरराष्ट्रीय दर काही महिन्यांतच जवळपास चौपट झाले होते. गरजेचे बहुतांश तेल आयात करणाऱ्या भारतापुढे परकीय चलनाचा गंभीर पेच उभा राहिला होता. त्यामुळे या वार्तेचे महत्त्व निव्वळ तांत्रिक नव्हते.

शोधाचा आरंभ मात्र त्याआधी सुमारे दशकभर झाला होता. साठच्या दशकात 'अकादमिक अर्खांगेल्स्की' या सोव्हिएत जहाजावरून भारतीय व सोव्हिएत तज्ज्ञांनी खंभातचे आखात व लगतच्या समुद्राचे भूकंपीय सर्वेक्षण केले. या पद्धतीत पाण्यात ध्वनिलहरी निर्माण करून तळाखालील खडकांच्या थरांवरून परतणारे प्रतिध्वनी नोंदवले जातात. त्यातून मुंबईसमोर एक विस्तीर्ण भूगर्भीय उंचवटा असल्याचे आढळले. 'हाय' हे नाव त्यावरूनच पडले.

परंतु उंचवटा आढळला म्हणजे तेल सापडले, असे नव्हे. विहीर खोदल्यावाचून खात्री होत नाही आणि खुल्या समुद्रात, सुमारे ७५ मीटर खोल पाण्यात खोदकाम करणारे साधन देशापाशी नव्हते. १९७० मध्ये खंभातच्या आखातात अलियाबेट येथे उथळ पाण्यात पहिली विहीर घेण्यात आली. तिच्यातून तेलापेक्षा अनुभवच अधिक मिळाला.

ही उणीव 'सागर सम्राट'ने भरून काढली. तेल व नैसर्गिक वायू आयोगासाठी जपानमध्ये बांधलेला हा तरता खोदमंच १९७३ मध्ये तयार झाला. नियोजित स्थळी पोहोचल्यावर त्याचे लांब पाय समुद्रतळावर टेकवले जातात आणि मंच लाटांच्या वर उचलला जातो. तळाखालील चुनखडीच्या सच्छिद्र थरात पहिल्याच विहिरीला तेल लागले. सर्वेक्षण कितीही काटेकोर असले, तरी असे यश क्वचितच लाभते.

२१ मे १९७६ रोजी, म्हणजे अवघ्या सव्वादोन वर्षांत, उत्पादन सुरू झाले. प्रारंभी तेल जहाजांनी किनाऱ्यावर आणले जाई; १९७८ मध्ये उरणपर्यंत समुद्राखालून नळवाहिनी पोहोचली.

एक रुपयाच्या नोटेवर छापला गेलेला 'सागर सम्राट' पुढे खोदकामातून निवृत्त झाला. रूपांतरानंतर २०२२ च्या अखेरीस तो तेल उत्पादनाचा मंच म्हणून पुन्हा समुद्रात कार्यरत झाला.