नात्यांचा पेच

महाभारतात अठरा दिवसांच्या घनघोर युद्धाचे वर्णन आहे. परंतु त्या ग्रंथातील एक अत्यंत हृदयद्रावक प्रसंग युद्धापूर्वीच गंगेच्या तीरावर घडतो. तेथे सैन्य नाही, शस्त्रांचा खणखणाट नाही. एक माता आणि तिचा पुत्र, एवढेच समोरासमोर उभे आहेत.

कर्ण हा कुंतीचा ज्येष्ठ पुत्र. विवाहापूर्वी जन्मलेल्या या बालकास तिने लोकापवादाच्या भयाने नदीत सोडून दिले. अधिरथ सूत व त्याची पत्नी राधा यांनी त्याला वाढविले. पुढे सूतपुत्र म्हणून त्याची अवहेलना झाली, तेव्हा दुर्योधनाने अंगदेशाचे राज्य देऊन त्याचा मान राखला.

युद्ध जवळ येताच कुंती कर्णाला सत्य सांगते व पांडवांना येऊन मिळण्याची विनवणी करते. आता कर्णाने काय करावे? एकीकडे जन्मदात्री आणि भाऊ; दुसरीकडे राधामाता आणि उपकारकर्ता मित्र. दोन्ही बंधने खरी आहेत. त्यांपैकी एक खोटे असते, तर निवड सोपी झाली असती आणि कथेतील नाट्यही तेथेच संपले असते. कर्ण मित्रास सोडीत नाही. मात्र अर्जुनाखेरीज इतर चौघांना मारणार नाही, असे वचन तो कुंतीस देतो.

कर्ण आपला बंधू आहे, हे अर्जुनास ठाऊक नसते; वाचकास ते ठाऊक असते. म्हणूनच त्यांच्या युद्धातील प्रत्येक बाण वाचकाच्या जिव्हारी लागतो. युद्धानंतर तर्पणाच्या वेळी कुंती हे गुपित उघड करते, तेव्हा युधिष्ठिरास आपला विजयही पराजयासारखा वाटतो.

नात्यांचा पेच नेहमी अश्रूंनीच सुटतो, असे मात्र नाही. अण्णासाहेब किर्लोस्करांचे 'संगीत सौभद्र' हे नाटक १८८२ साली रंगभूमीवर आले. त्यात बलराम आपली भगिनी सुभद्रा दुर्योधनास देऊ इच्छितो. तिचे मन अर्जुनावर जडलेले असते. अर्जुन संन्याशाचा वेष घेतो आणि बलरामच त्याचा आदरसत्कार करतो! येथेही प्रेक्षकांना रहस्य ठाऊक असते. परंतु कोणाचे प्राण पणास लागलेले नसतात, म्हणून बलरामाच्या अज्ञानाचे हसू येते.

परक्याशी वैर आले, तर माणूस त्याच्याकडे पाठ फिरवू शकतो. आप्तांकडे पाठ फिरविली, तरी नाते तुटत नाही. म्हणूनच कथाकार पुनःपुन्हा नात्यांकडे वळतात. शिवाजी सावंत यांनी १९६७ साली 'मृत्युंजय' ही कादंबरी कर्णावरच लिहिली. गंगातीरी कर्णाने जे केले ते योग्य की अयोग्य, याचा विचार वाचक अद्यापि करीत आहेत.